म्युनिकचा दुसरा आवाज

विसावं शतक सुरू झालं तेव्हा म्युनिकमध्ये बिअर आणि गाणं बहुधा एकाच छताखाली मिळे. मोठ्या बिअर-हॉलांत आणि खानावळींच्या मागच्या दालनांत एक छोटा रंगमंच असे. समोर लांब बाकांवर कारागीर, दुकानदार, घोडागाडीवाले आपल्या बायकांना घेऊन बसत. त्यांचं खाणंपिणं चालू असतानाच मंचावर 'फोक्सझेंगर', म्हणजे लोकगायक, एकामागून एक येत. एखादं गाणं, एखादी नक्कल, दोन-तीन माणसांचा छोटा प्रवेश, पुन्हा गाणं. बोली बव्हेरियन आणि विषय शहरातलेच: घरमालक, पोलीस, ट्राम, महागाई. तमाशातली बतावणी ज्यांनी ऐकली आहे त्यांना हा प्रकार परका वाटणार नाही. सोंगाड्या शब्दाला शब्द भिडवून अर्थ उलटापालटा करतो, आणि सरदार त्याला अडवतो, झापतो, पुन्हा मूळ मुद्द्यावर आणतो. म्युनिकच्या बतावणीतही अशी जोडी लागे.

या जगात बाईसाठी जागा होती, पण ती ठरलेली. भडक झगा घालायचा, हलकीफुलकी गाणी म्हणायची, डोळ्यांनी खेळायचं. अशा गायिकेला सुब्रेट म्हणत. हसवण्याचं काम पुरुषांचं, आणि बाई असलीच तर त्या हसण्याचा विषय म्हणून. ही वाटणी म्युनिकमध्ये जिने मोडली, आणि पुढे हाच विनोद आधी रेडिओवर आणि मग दूरचित्रवाणीच्या पडद्यावर नेला, ती लीझल कार्लश्टाट. तिचं नाव आजही बहुधा कार्ल फालेंटिन या नावाच्या मागे, जोडशब्दासारखं घेतलं जातं. पण या जोडीच्या विनोदाचं यंत्र चालतं कसं हे नीट पाहिलं, तर तिला मागे उभं करणं हा मोठा अन्याय आहे, असं माझं मत आहे.

तिचं खरं नाव एलिझाबेथ वेलानो. १२ डिसेंबर १८९२ रोजी म्युनिकच्या श्वाबिंग भागात तिचा जन्म झाला. वडील पाव भाजणारे, घराण्याची मुळं इटलीतली. नऊ भावंडांत ती पाचवी. घरात चणचण कायमची, त्यामुळे शाळा संपताच ती दुकानात कामाला लागली आणि नंतर हेरमान टीट्झ यांच्या बड्या दुकानात विक्रेती झाली. दिवसभर काउंटरमागे उभं राहून निरनिराळ्या थरांतल्या गिऱ्हाइकांची बोलण्याची ढब ऐकायची, हे तिचं पहिलं नाट्यशिक्षण म्हणायला हरकत नाही. संध्याकाळी ती लोकगायकांचे कार्यक्रम पाहायला जाई. थोड्याच दिवसांत ती नोकरी सोडून एका मंडळीत सामील झाली, सुब्रेट म्हणून. दुसरी जागाच नव्हती.

१९११ मध्ये 'फ्रांकफुर्टर होफ' या ठिकाणी तिची गाठ फालेंटिनशी पडली. तो तिच्याहून दहा वर्षांनी मोठा, सुतारकाम शिकलेला, काटकुळा, लांबलचक नाकाचा. म्युनिकमध्ये त्याचं नाव व्हायला लागलं होतं. तिचं काम पाहून त्याने तिला तोंडावर सांगितलं की सुब्रेट होणं तुझ्या वाट्याचं नाही, तू विनोदी नटी आहेस. त्या वयाच्या मुलीला हे लागणं साहजिक होतं, आणि तिला ते लागलंही. पण मग त्याने तिला सुब्रेटचीच टिंगल करणारा एक प्रवेश दिला, आणि ती तो करायला लागल्यावर लोक खदखदून हसले. तिला नवं नावही त्यानेच दिलं. कार्ल माक्सश्टाट हा त्याचा आवडता जुना गायक होता, त्याच्या नावावरून 'कार्लश्टाट' घडलं. त्याच वर्षी फालेंटिनने लग्न केलं, दुसऱ्या बाईशी. लीझल त्याची सहकलाकार झाली आणि प्रेयसीही. पुढची जवळजवळ तीन दशकं हे दोन धागे एकमेकांत गुंतलेलेच राहिले, आणि त्या गुंत्याची किंमत पुढे तिनेच अधिक मोजली.

१९१३ पासून ही जोडी मंचावर एकत्र दिसू लागली. मराठी वाचकाला या सालाशी एक आठवण जोडता येईल: याच वर्षी बालगंधर्वांनी किर्लोस्कर मंडळी सोडून गंधर्व नाटक मंडळी काढली. इकडे पुरुष स्त्रीचं रूप इतक्या नजाकतीने उभं करत होता की घराघरांतल्या बायका त्याचं नेसणं पाहून नेसत. तिकडे एक तरुणी मिशा चिकटवून, पोटाला उशी बांधून, वाद्यवृंदाचा संचालक, शिकाऊ पोरगा, म्हातारा, फौजी असे पुरुष एकामागून एक उभे करत होती. उद्देश मात्र वेगळे होते. बालगंधर्वांना स्त्रीचं सौंदर्य दाखवायचं होतं. कार्लश्टाटला पुरुषांचा तोरा दाखवायचा होता: हुद्द्याचा, ज्ञानाचा, वयाचा तोरा. तो तिने इतका बारकाईने टिपला की पहिल्यांदा पाहणाऱ्या प्रेक्षकांना ही बाई आहे हे कळतच नसे.

'डेअर फिर्मलिंग' या १९२२ च्या प्रवेशात ती पोरगा झाली. ख्रिस्ती धर्मात मुलाला दृढीकरणाचा संस्कार देतात, आपल्याकडच्या मुंजीसारखा तो घरातला मोठा सोहळा. तो आटोपून एक गरीब बाप नव्या सुटातल्या पोराला उंची दारूच्या हॉटेलात घेऊन जातो. बापाला तिथे वागायचं कसं हे ठाऊक नाही, पोराला तर मुळीच नाही. दोघं टेबल-खुर्च्यांशी झगडतात, पितात, आणि सोहळ्याची हळूहळू दैना होत जाते. फालेंटिन बाप आणि तिशीतली कार्लश्टाट शाळकरी पोरगा. १९३४ मध्ये याचा छोटा बोलपट निघाला. तो आज पाहिला तरी तिचे लोंबते हात, अंगाला न बसणारा सूट आणि मोठ्या माणसासारखं वागण्याची ती पोरकट धडपड यांच्यावरून नजर हटत नाही. त्या हसण्यात गरिबीबद्दलची करुणा आहे, आणि ती बहुतांशी तिच्या अंगातून येते.

दुसरा नमुना वाद्यवृंदाच्या तालमीचा. ती संचालक, तो वादक. तालीम चालू असताना वादक मध्येच एक अद्भुत योगायोग सांगू लागतो: रस्त्याने जाताना आम्ही सायकलस्वाराबद्दल बोलत होतो आणि नेमका तेव्हाच एक सायकलस्वार आला! संचालक म्हणतो, अहो, त्या गजबजलेल्या रस्त्यावर सायकली सतत चालूच असतात, यात योगायोग कसला? वादक हटत नाही. संचालक समजावतो, चिडतो, शेवटी त्या मूर्ख वादात स्वतःच पुरता अडकतो. या प्रसंगाचं श्रेय सहसा फालेंटिनच्या तिरक्या डोक्याला दिलं जातं, आणि ते डोकं विलक्षण होतंच. कुर्ट टुखोल्स्कीसारख्या बर्लिनच्या तिखट लेखकाने १९२४ मध्ये त्याच्यावर लेख लिहिला होता आणि नाटककार ब्रेख्त तर त्याचा चाहता होता. पण तर्काची ही कसरत उभी राहते ती समोरचा माणूस खरोखर सरळ विचार करत असेल तरच. संचालकाच्या रागात जरा जरी लटकेपणा आला, तर वादकाचं बोलणं नुसतं खुळचट वाटेल. सरदार खरा वाटला तरच सोंगाड्या चमकतो. ही सरदारकी कार्लश्टाटने आयुष्यभर केली.

पडद्यामागे तिची कामं आणखी होती. फालेंटिन लिहिताना विस्कळीत, मंचावर लहरी. आज सुचलेलं उद्या आठवायचं नाही, आणि ठरलेलं वाक्य टाकून तो भलतीकडेच जायचा. तिने त्याच्या उत्स्फूर्त बोलण्यातून संवाद टिपून ठेवले, त्यांना आकार दिला, आपली भर घातली. प्रयोग चालू असताना तो वाट चुकला की आपल्या भूमिकेत राहूनच ती त्याला पुढचा धागा पुरवत असे. तिने कितीतरी वाद्यं शिकून घेतली, कारण प्रवेशांना ती लागत. तालमी, व्यवस्था, पत्रव्यवहार यांतलं बरंचसं तिच्याकडेच होतं. त्याला प्रवासाची धास्ती होती, आजारांची धास्ती होती, आणि व्हिएन्ना, झुरिक, बर्लिन असे दौरे ठरले की त्याला तिथपर्यंत नेऊन पोहोचवणं हेही तिचंच काम. दोघांनी मिळून जवळजवळ ४०० प्रवेश आणि छोटी नाटकं केली असं मानलं जातं. छापील पुस्तकांवर मात्र लेखक म्हणून बहुतेक वेळा त्याचं एकट्याचं नाव येत राहिलं.

या सगळ्यामागे म्युनिकचा तो काळ उभा होता. पहिलं महायुद्ध, १९१८ ची क्रांती, १९१९ च्या वसंतातलं अल्पजीवी क्रांतिकारी सरकार आणि त्याचा रक्तरंजित शेवट, मग नोटांच्या थप्प्या देऊनही पाव मिळेना अशी चलनवाढ, आणि नोव्हेंबर १९२३ मध्ये हिटलरचा फसलेला उठाव. ज्या बिअर-हॉलांत लोकगायक गात, तसल्याच बिअर-हॉलांत राजकीय सभा भरत. सामान्य माणसाला हुकूम सोडणारे रोज बदलत होते. अशा शहराला हुद्देदाराची आज्ञा आणि तिचा शब्दशः अर्थ घेणारा खुळा माणूस ही जोडी इतकी आपली का वाटली, हे वेगळं सांगायला नको. १९२३ मध्ये ब्रेख्त आणि एरिश एंगेल यांच्या 'मिस्टेरियन आयनेस फ्रिझियरसालोन्स' या विक्षिप्त मूकपटात दोघं झळकली. १९३२ मध्ये माक्स ओफ्युल्स यांच्या 'डी फेरकाउफ्टे ब्राउट'मध्ये ती सर्कसच्या मालकाची बायको झाली, फालेंटिन मालक.

दरम्यान रेडिओ आला. जर्मनीत नियमित प्रक्षेपण २९ ऑक्टोबर १९२३ रोजी बर्लिनमध्ये सुरू झालं, आणि म्युनिकमध्ये ३० मार्च १९२४ रोजी 'डॉइचे श्टुंडे इन बायर्न' या कंपनीने आपलं केंद्र उघडलं. मुंबईचं केंद्र जुलै १९२७ चं, म्हणजे म्युनिक तीन वर्षांनी पुढे. सुरुवातीच्या रेडिओला विनोद ही अवघड गोष्ट होती. बिअर-हॉलमधला नट प्रेक्षकांच्या हसण्यावर आपली लय बांधतो. माइकपुढे हसणारं कोणी नाही आणि चेहरा, पोशाख, अंगविक्षेप सगळंच निरुपयोगी. फालेंटिनच्या लांब नाकाचं आणि तिच्या चिकटवलेल्या मिशांचं आता काय करायचं? उरला फक्त आवाज, आणि दोन आवाजांमधलं अंतर.

इथे तिची तयारी कामी आली. विसाच्या दशकातच ही जोडी रेडिओवर ऐकू येऊ लागली आणि त्यांच्या ध्वनिमुद्रिकाही निघाल्या. गळ्यातून पोरगा, म्हातारी, साहेब, मोलकरीण हवं तेव्हा काढण्याची तिची हातोटी होती. त्याहून मोलाचं म्हणजे तिला ऐकता येत होतं. समोरचा बोलत असताना गप्प राहण्याची तिची वेळ, उत्तर देण्याआधीचा अर्धा श्वास, हे माइक नेमकं पकडतो. बुकबाइंडर वानिंगरचा प्रसिद्ध प्रवेश पाहा. पुस्तकं बांधून तयार आहेत, ती आणि बिल पाठवू का, एवढंच विचारायला एक कारागीर कंपनीत फोन करतो. त्याला या विभागातून त्या विभागात जोडून दिलं जातं, प्रत्येक ठिकाणी तो तेच वाक्य पहिल्यापासून सांगतो, प्रत्येक वेळी अधिक गोंधळतो, आणि शेवटी कळतं की कार्यालय बंद झालं. हा संपूर्ण विनोद कानांचा आहे. सरकारी कचेरीत फोन लावलेल्या कोणत्याही मराठी माणसाला तो भाषांतराशिवाय कळेल. त्याची जात मंचाची उरलेली नाही, ती नव्या माध्यमाची आहे. प्रत्येक विभागाचा तो सभ्य, उदासीन आवाज समोर नसता, तर वानिंगरची केविलवाणी धडपड पोकळीतच विरली असती.

तिसाच्या दशकात तिच्या आयुष्याला मोठा तडा गेला. १९३४ मध्ये फालेंटिनने सोनेनश्ट्रासवरच्या हॉटेल वाग्नरच्या तळघरात 'पानोप्टिकुम' नावाचं चमत्कारिक संग्रहालय उघडलं. भयावह आणि हास्यास्पद वस्तूंचं प्रदर्शन, सगळं त्याच्या कल्पनेतलं. त्यात त्याने लीझलची साठवलेली पुंजी घातली. लोक फिरकले नाहीत आणि पैसे बुडाले. वर्षानुवर्षांची ओढाताण, विवाहित पुरुषाशी जोडलेलं आयुष्य, कामाचा अखंड बोजा आणि त्यात हे दिवाळं. एप्रिल १९३५ मध्ये तिने जीवन संपवण्याचा प्रयत्न केला. ती वाचली, पण रुग्णालयात राहावं लागलं आणि नैराश्याचे झटके पुढे अनेक वर्षं येत राहिले. हा प्रसंग काही लिखाणांत 'विदूषकाचं दुःख' या ठरीव चौकटीत बसवला जातो. मला ती चौकट पटत नाही. इथे एक कष्टकरी बाई आहे. तिच्या श्रमांचा हिशोब कुठे लिहिलेला नव्हता आणि कमाईवर तिचा ताबा राहिला नव्हता. तिच्या कोसळण्याला ही ठोस कारणं होती.

राजवटही बदलली होती. नाझी सत्तेने या जोडीचा छळ केला असं म्हणता येणार नाही, आणि ही दोघं सत्तेच्या गळ्यातला ताईतही नव्हती. १९३६ मध्ये त्यांच्या 'डी एर्बशाफ्ट' या लघुपटावर बंदी आली. त्यातलं दारिद्र्य अधिकाऱ्यांच्या डोळ्यांत खुपलं, कारण नव्या जर्मनीत गरिबी उरल्याचं दाखवायचं नव्हतं. १९३९ मध्ये फालेंटिनने नवा तळघरातला रंगमंच सुरू केला तेव्हा त्याच्यासोबत नवी, तरुण सहकलाकार होती. जोडी तुटली.

त्यानंतरचा भाग तिच्या चरित्रातला सगळ्यात अनपेक्षित. १९४१ ते १९४३ या काळात ती टिरोलमधल्या एरवाल्डर आल्म या डोंगरी कुरणावर, त्सुगश्पित्स पर्वताच्या कुशीत, डोंगरी पलटणीच्या सैनिकांमध्ये जाऊन राहिली. सामान वाहणाऱ्या खेचरांची देखभाल करू लागली. गणवेश घातला. सैनिकांनी तिला 'गुस्ताफ' हे नाव आणि मानाचा लष्करी हुद्दा दिला. तीस वर्षं मंचावर पुरुष झालेली बाई आता प्रेक्षकांविना पुरुष म्हणून वावरत होती, आणि तिथे तिला बरं वाटत होतं. भोवती भयानक युद्ध चालू असताना, त्याच सैन्याच्या आसऱ्याला मिळालेली ही शांती आपल्याला अवघडवते. पण तिच्या प्रकृतीला आधार मिळाला तो त्या खेचरांच्या सहवासात, हेही खरं.

१९४५ मध्ये म्युनिकचा मध्यभाग बहुतांशी ढिगाऱ्यात होता. अमेरिकी सैन्याने मे महिन्यातच 'रेडिओ म्युनिक' सुरू केला. कागद नाही, नाट्यगृहं पडलेली, कोळसा नाही, रेशनवर पोट भरत नाही. रेडिओ संच मात्र पुष्कळ घरांत होते. त्यामुळे बिअर-हॉलची जागा रेडिओने घेतली, आणि ती घेताना माणसांची नव्याने निवड केली. फालेंटिनच्या नावाची एक मालिका १९४६-४७ मध्ये सुरू झाली आणि श्रोत्यांच्या तक्रारींमुळे काही भागांतच गुंडाळली गेली. लोकांना त्याचं बोलणं हसवेना, उलट बोचू लागलं. जग अर्थहीन आहे हे घर गमावलेल्या माणसाला वेगळं सांगावं लागत नाही.

१९४७ च्या अखेरीस दोघं पुन्हा एकत्र मंचावर आली. जुने प्रवेश, म्हातारे चेहरे, थंड सभागृह, थोडेच प्रेक्षक. काही आठवड्यांतच, ९ फेब्रुवारी १९४८ रोजी, कार्निव्हलच्या सोमवारी, फालेंटिन म्युनिकजवळच्या प्लानेगमध्ये वारला. अर्धपोटी शरीराला न्यूमोनिया झेपला नाही. त्याचा कागदोपत्री ठेवा विकत घ्यायला पुढे म्युनिक शहराने नकार दिला आणि तो कोलोनला गेला.

लीझल ५५ वर्षांची होती. रूढ समजुतीप्रमाणे तिची गोष्ट इथे संपायला हवी होती. उलट तिच्या लोकप्रियतेचा सगळ्यात मोठा काळ आता सुरू झाला. कुर्ट विल्हेल्म या तरुण लेखक-दिग्दर्शकाने १९४७ पासून 'ब्रुम्ल-गशिष्टन' ही विनोदी मालिका चालवली होती. मिशेल लांग हा कुरकुऱ्या नायक, आणि भोवतीच्या मंडळींत कार्लश्टाट. १९५३ पर्यंत बव्हेरियाने ती मनापासून ऐकली. २५ जानेवारी १९४९ रोजी अमेरिकी ताब्यातला रेडिओ म्युनिक 'बायरिशर रुंडफुंक' या नावाने बव्हेरियाच्या स्वाधीन झाला, आणि पन्नासच्या दशकात त्यावर 'फामिली ब्रांडल' ही कौटुंबिक मालिका गाजली. ती लिहिणारीही बाई होती, एर्नेस्टिने कोख. त्यात कार्लश्टाट आई झाली. घरखर्चाची ओढाताण, मुलांचे हट्ट, नवऱ्याची तक्रार, शेजारीपाजारी यांतून रोजच्या जगण्याचा विनोद. आकाशवाणी मुंबईवर 'पुन्हा प्रपंच' ऐकत ज्यांनी संध्याकाळ घालवली आहे, प्रभाकरपंत आणि टेकाडे भावजींच्या मधोमध मीनावहिनी झालेल्या नीलम प्रभूंचा आवाज ज्यांच्या कानात आहे, त्यांना ब्रांडलबाईंचं म्युनिकच्या घरांतलं स्थान लगेच कळेल. अशा मालिकेतली आई श्रोत्यांच्या नात्यातली होऊन बसते.

ज्या रेडिओने फालेंटिनला नाकारलं त्यानेच तिला का उचलून धरलं? तिचा आवाज उबदार होता, बोली अस्सल होती, हे एक कारण. मला त्याहून महत्त्वाचं वाटतं ते तिच्या कलेचं स्वरूप. ती नेहमी उत्तर देणारी नटी होती, समोरच्याला वाव देणारी. मालिकेला अशाच नटाची गरज असते, कारण तिथे एकाने सगळा प्रकाश घेतला तर आठवड्याआठवड्याने चालणारं घर उभंच राहत नाही. पण या यशात नुकसानही होतं. मिशा, हुद्दे, पोरगेपणा, पुरुषी तोऱ्याची ती निर्दय नक्कल, सगळं मागे पडलं. युद्धानंतरच्या जर्मनीला प्रेमळ आई हवी होती. 'गुस्ताफ' त्या आईत मावला नाही.

चित्रपटांतही हेच घडलं. १९५० च्या 'दास डोपेल्टे लोटशेन'मध्ये ती घरकाम करणारी रेझी झाली. एरिश केस्टनरच्या ज्या गोष्टीवर तो बेतला होता, तीच पुढे 'द पॅरेंट ट्रॅप'मार्गे हिंदीत 'दो कलियाँ' झाली. १९५६ च्या 'डी ट्राप-फामिली'मध्येही ती आहे. याच कुटुंबाची कथा आपण 'द साउंड ऑफ म्युझिक'मधून ओळखतो. भूमिका लहान, पण ती पडद्यावर आली की प्रेक्षागृहात ओळखीची कुजबुज होई, अशी तिची पत.

मग दूरचित्रवाणी. बायरिशर रुंडफुंकने १९५४ च्या नोव्हेंबरमध्ये म्युनिकमधल्या फ्राइमानहून दूरचित्रवाणी सुरू केली, आणि दोन वर्षांनी, जर्मनीत सर्वांत आधी, जाहिराती दाखवायचं ठरवलं. वृत्तपत्रांच्या मालकांनी कडाडून विरोध केला, कारण जाहिरातींचं उत्पन्न त्यांच्या हातून निसटणार होतं. सार्वजनिक प्रसारणाने साबण विकावा का, हाही वाद होताच. ३ नोव्हेंबर १९५६ च्या संध्याकाळी 'झ्विशन हाल्ब उंट आख्ट' या कार्यक्रमात जर्मन दूरचित्रवाणीवरची पहिली जाहिरात झळकली. वस्तू हेंकेल कंपनीची पर्सिल ही धुण्याची पावडर, कलाकार लीझल कार्लश्टाट आणि बेपो ब्रेम. जेमतेम एका मिनिटाचा प्रवेश. नवरा-बायको खानावळीत जेवताहेत, नवऱ्याच्या हातून स्वच्छ टेबलक्लॉथवर डाग पडतो, बायको त्याला फैलावर घेते, आणि मग तोडगा म्हणून पर्सिल.

ही जाहिरात इतिहासाच्या पुस्तकांत एका वाक्याची नोंद होऊन राहिली आहे. तिच्याकडे जरा थांबून पाहायला हवं. नव्या माध्यमाला आपला पहिला विक्रीचा शब्द लोकांच्या गळी उतरवायचा होता, आणि त्यासाठी त्याने चमकदार तरुण चेहरा निवडला नाही. ६३ वर्षांची बाई निवडली. बाक, टेबल, सांडणारा गबाळा पुरुष आणि त्याला ताळ्यावर आणू पाहणारी दुसरी व्यक्ती. 'फिर्मलिंग'मध्ये ३४ वर्षांपूर्वी हॉटेलातल्या टेबलावर जो गोंधळ माजला होता, त्याचाच हा धुतलेला, इस्त्री केलेला वंशज. तेव्हा डागाने गरिबी उघडी पडत होती. आता डाग निघतो, पावडर बाजारात आहे, देश सावरतोय. बिअर-हॉलमधला प्रवेश अवघ्या एका आयुष्यात जाहिरातीपर्यंत आला, आणि दोन्ही टोकांना तीच नटी होती. जर्मन दूरचित्रवाणीवरच्या घरगुती विनोदाला जो सूर पुढे लागला, नवऱ्याच्या धांदरटपणाचा आणि बायकोच्या शहाणपणाचा, त्याच्या उगमापाशी ती उभी आहे.

२७ जुलै १९६० रोजी गार्मिश-पार्टेनकिर्शनमध्ये, बहीण आमालीसोबत सुट्टीवर असताना, मेंदूतल्या रक्तस्रावाने तिचा मृत्यू झाला. म्युनिकच्या बोगनहाउझन भागातल्या छोट्या चर्चच्या आवारात तिला पुरलं. शहराने यावेळी फार वाट पाहिली नाही. विक्टुआलियनमार्क्ट या भाजीबाजारात १९५३ पासून फालेंटिनचं कारंजं होतंच, तिथे १९६१ मध्ये शिल्पकार हान्स ओझेल यांनी घडवलेलं तिचंही कारंजं उभं राहिलं. आजही भाजीवाल्या बायका त्याच्या पायथ्याशी फुलं ठेवतात.

श्रेयाचा हिशोब मात्र सावकाश पुढे सरकला. ईझारटोर या जुन्या वेशीच्या बुरुजांत १९५९ मध्ये हानेस क्योनिग यांनी संग्रहालय उघडलं, ते 'फालेंटिन-मुझेउम' या नावाने. त्या वेळी ती हयात होती. नव्वदच्या दशकात मोनिका डिम्फल आणि गुना वेंट या दोन लेखिकांनी तिची स्वतंत्र चरित्रं लिहिली, कागदपत्रं चाळली, संवाद लिहिण्यातला तिचा वाटा पुढे मांडला. त्यानंतर २००१ मध्ये संग्रहालयाच्या नावात 'कार्लश्टाट' जोडलं गेलं. २००८ मध्ये दिग्दर्शक यो बायर यांनी दूरचित्रवाणीसाठी दोघांवर चित्रपट केला. हाना हेर्झश्प्रुंगने त्यात लीझलची भूमिका केली, आणि शीर्षकात नावांचा क्रम बदलला: आधी लीझल कार्लश्टाट, मग कार्ल फालेंटिन.